कळीचा भाव

शंभर टन दगड आत जातो,
छप्पन्न टन बाहेर येतो.
उरलेले चव्वेचाळीस धुराड्यातून वर जातात
आणि त्यांची पावती कुणी मागत नाही.
न्डोलाच्या या भट्टीत अकरा वर्षं मी काट्यावर बसते.
नाव मलामा. उरलेलं वजन लिहिते.

भाव आम्ही ठरवत नाही.
भाव ठरतो लंडनमध्ये, तोही तांब्याचा.
तांबं चढलं की खाणीला आम्ल जास्त लागतं,
आम्ल मारायला आम्ही लागतो.
तांबं उतरलं की खाणीचा फोन उशिरा येतो
आणि पलीकडचा माणूस हवापाण्याबद्दल फार बोलतो.
साहेब म्हणतात, मार्केट मऊ आहे.
मऊ!
आमच्यात मऊ म्हणजे वाया गेलेलं.

भट्टीला बाजार कळत नाही.
विझवली तर आतल्या विटा तडकतात,
म्हणून मागणी नसली तरी ती जेवते:
मांबाचा कोळसा, डॉलरमधलं डिझेल,
रात्रपाळीच्या म्वांसाचे डोळे.

मार्चच्या चार तारखेला कापेंब्वाचा ट्रक भरला.
तीस टन दोनशे किलो, कळीचा चुना.
ताडपत्रीची गाठ त्यानं दातांनी ओढली,
कारण ही कळी पाणी लागलं की उमलते
आणि उमललेल्या कळीचे कुणी पैसे देत नाही.

कासुम्बालेसाची रांग.
पहिल्या दिवशी म्हणाला, पुढे दोनशे चाळीस गाड्या.
चौथ्या दिवशी, दोनशे एकतीस.
सहाव्या दिवशी कागदावरचा शिक्का निळा निघाला,
जांभळा हवा होता.
"मी चुना नुसता वाहतो, मलामा," तो फोनवर हसला,
"लावणारे खिडकीच्या आत बसतात."

नवव्या रात्री सर आली.
ताडपत्रीला डाव्या कोपऱ्यात बोटभर भोक.
त्यानं हात लावला तर फळी गरम,
तापलेल्या पोराच्या कपाळासारखी.
मग चर्र, मग वाफ.
मागचा ड्रायव्हर आग आग ओरडत बादली घेऊन धावला.
कापेंब्वानं त्याचं मनगट धरलं:
"पाणी नको, बाबा. पाण्यानंच पेटलंय."

सकाळी बाना कुंदा आली,
रांगेला भाजकी कणसं विकणारी.
कोपऱ्यातलं पांढरं पीठ तिनं लांबूनच पाहिलं.
"हे मला दे. थोडं संडासाच्या खड्ड्याला,
थोडं चर्चच्या भिंतीला.
पोत्याला किती?"
कापेंब्वाला सांगता येईना.
टनाचा भाव त्याला पाठ होता,
खाणीचा, सरहद्दीचा, दलालाचा.
पोत्याचा कुणी विचारलाच नव्हता.
चार पोती भरली. सहा कणसं,
आणि तिच्या झोपडीत फोन चार्ज करून मिळाला.

सरहद्दीपलीकडे, खाणीच्या प्रयोगशाळेत
इलुंगा नावाचा पोरगा
प्रत्येक गाडीतला मूठभर चुना पाण्यात टाकतो
आणि घड्याळ लावून पारा बघतो.
तीन मिनिटांत साठ अंश, तर पूर्ण भाव.
कापेंब्वाचा पारा सात मिनिटांनी बावन्नवर.
इलुंगा आणखी एक मिनिट थांबला म्हणे,
नियमात नसलेलं.
त्रेपन्न.
वजावट अठरा टक्के.
त्याच दुपारी साहेबांना मेल आला,
पुढच्या महिन्यापासून निम्माच माल.

सतराव्या दिवशी ट्रक परत माझ्या काट्यावर.
रिकामा, तरी चाळीस किलो जास्त.
मी पुन्हा मोजलं. चाळीसच.
वर चढून पाहिलं, तर डाव्या कोपऱ्यात
फळीला चुन्याचा थर, नखानं निघेना.
पाणी पिऊन, वारा खाऊन
तो परत दगड व्हायला लागला होता,
धुराड्यातून गेलेलं थोडं थोडं आभाळातून ओढून घेत.

वहीत याला रकाना नाही.
मी पेन धरून बसले.
कापेंब्वा खालून म्हणाला,
"छिन्नी आहे का गं? नाहीतर राहू दे,
उद्या बघू."
आणि खिशातून अर्धं कणीस काढून
काट्याच्या कठड्यावर बसला.
चाळीस किलो, शंभर ग्रॅम... आकडा हलत राहिला,
तो उठेपर्यंत.